उरलेलं शिखर

साताऱ्याहून कासला जाताना पठाराचा माथा गाठला, की पश्चिमेकडे डोंगरच डोंगर दिसायला लागतात. पहिल्या नजरेला ती नुसती दाटी वाटते. जरा थांबलं, नजर स्थिरावली, की ध्यानात येतं. दऱ्या मन मानेल तशा उतरल्यात, सोंडा कुठूनही कुठे वळल्यात, पण माथे मात्र एका सुतात आहेत. महाबळेश्वराकडून कोयनेच्या खोऱ्याकडे हळूहळू उतरत गेलेली ती एकच ओळ आहे. तिच्यातला कोकणाच्या कडेला टेकलेला, काळपट हिरवा माथा म्हणजे वासोटा. दाखवणारं कुणी बरोबर असेल तरच तो ओळखू येतो, कारण शेजाऱ्यांपेक्षा वर डोकं काढायची त्याला सवयच नाही.

ही एकसारखी उंची योगायोगानं आलेली नाही. हे डोंगर एके काळी सुटे डोंगर नव्हतेच. सगळी मिळून एक सलग जमीन होती. आपण ज्या पठारावर उभे आहोत तो तिचा एक तुकडा. समोरचा वासोटा, त्याच्या खांद्याला खांदा लावून असलेला जुना वासोटा आणि पलीकडची सगळी रांग हे तिचे दुसरे तुकडे. मधलं पाण्यानं नेलं. दोन माथ्यांच्या मधली जी हवा आपण पाहतो, तिथं कधीकाळी दगड होता, हे एकदा मनाला पटलं की दरीकडे बघायची नजरच पालटते. मी तेव्हापासून डोंगर बघताना आधी मोकळी जागा बघतो.

वासोट्यावर लिहायचं म्हटलं की किल्ल्यापासून सुरुवात करायची रीत आहे. मला त्याच्या दगडापासून सुरुवात करावीशी वाटते, कारण तिथं जे जे आहे, ते रान, तो कडा, ते टाकं, ती कैद्यांची वस्ती, सगळं त्या दगडाच्या स्वभावातून आलेलं आहे.

ज्वालामुखी म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर जपानच्या फुजीसारखा शंकू येतो; टोकाला तोंड, तोंडातून धूर. दख्खनची आग तशी नव्हती. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी इथल्या जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या आणि त्यांतून पातळ, वाहता लाव्हा वर येऊन चहूकडे पसरला. थंड झाला, तोवर दुसरा लोट आला. त्याच्यावर तिसरा. बहुतेक सगळा लाव्हा दहा लाख वर्षांच्या आतच ओतला गेला, असं आज मानतात, आणि इतकं झिजून गेल्यावरही त्याखाली सुमारे पाच लाख चौरस किलोमीटरचा मुलूख झाकलेला आहे. ज्या तप्तबिंदूवरून तेव्हा आपली भूमी सरकत होती, तो विझलेला नाही, असं भूशास्त्रज्ञांचं मत आहे. आपण उत्तरेकडे निघून आलो; तो मागे, हिंदी महासागरातल्या रियुनियन बेटाखाली आहे, आणि तिथला ज्वालामुखी आजही जागा आहे. लक्षद्वीप, मालदीव ही बेटं त्या वाटेवर उमटलेली पावलं. वासोट्याच्या पायथ्याशी काळा फत्तर हाताखाली घेतला की मला हे हटकून आठवतं. याची चूल अजून पेटलेली आहे, फक्त ती आता आपल्या घरात नाही.

पुढे पश्चिमेकडचा भूभाग तुटून गेला, समुद्र आत आला, किनाऱ्याची कड तयार झाली. जमीन काहीशी उचललीही गेली. मग पावसानं ती कड खायला सुरुवात केली आणि कड मागे मागे, पूर्वेकडे सरकत आली. आज जिथं वासोट्याचा बाबूकडा कोकणात कोसळतो, तिथवर ती पोचली आहे. म्हणजे कडा ही एक रेषा आहे आणि ती चालते आहे, आपल्याला कळणार नाही इतक्या सावकाश.

बाबूकड्याच्या काठावर पोटावर पडून खाली बघावं. उभ्यानं बघू नये. वारा अचानक येतो. नालेच्या आकाराचा तो कडा समोर वळत जातो आणि त्याच्या अंगावर आडवे थर स्पष्ट दिसतात. काळा जाड थर, मग थोडा भुसभुशीत, भोकाभोकांचा, मग एक अरुंद तांबडा पट्टा, पुन्हा काळा. काळा म्हणजे लाव्ह्याच्या लोटाचं घट्ट पोट. भोकाभोकांचा म्हणजे त्या लोटाची वरची साय, जिच्यातून वायूचे बुडबुडे बाहेर पडता पडता गोठून गेले. तांबडा पट्टा मला सगळ्यांत जवळचा वाटतो. एक लोट थंड झाला आणि पुढचा यायला उशीर झाला, त्या मधल्या अवधीत दगडाची माती झाली. तिच्यावर पाऊस पडला असणार, काही उगवलं असणार. मग वरून पुढचा लोट आला आणि ती माती भाजून निघाली. दोन आगींच्या मधली ती विश्रांती आहे. कड्यावर ती वीतभर दिसते, कुठे हातभर, आणि त्या विश्रांतीतच पहिल्यांदा काहीतरी जगलं.

वाटेवर एक ढेकूळ पडलेलं असतं, ते उचलून उन्हात धरावं. नखाएवढ्या पोकळ्यांमध्ये पांढरं काहीतरी भरलेलं दिसतं. दगड थंड झाल्यावर त्याच्या फटींतून गरम पाणी झिरपत राहिलं आणि त्यानं या बुडबुड्यांमध्ये झिओलाइट, गार, असे स्फटिक आणून ठेवले. काही पोकळ्यांत ते सुयांसारखे दिसतात, काहींत नुसती पांढरी पूड. एखाद्या पोकळीत मात्र काहीच नसतं, आत काळोख असतो आणि तिथं हल्लीच्या एखाद्या कोळ्यानं जाळं विणलेलं असतं. ते ढेकूळ मी परत तिथंच ठेवतो. इथून दगडही नेऊ नये, असं मला मनापासून वाटतं.

वासोट्याला पोचायची नेहमीची वाट पाण्यावरून आहे. बामणोलीहून लाँच सुटते आणि शिवसागर जलाशय कापत तास-दीड तासात मेट इंदवलीच्या काठाला लावते. हे पाणी कोयनेचं. कोयना महाबळेश्वरी उगम पावते. कोकण तिथून हाकेवर, पण ती कोकणात उतरत नाही. कड्याच्या आतल्या अंगानं दक्षिणेला वाहत राहते, हेळवाकपाशी काटकोनात पूर्वेला वळते आणि कऱ्हाडला कृष्णेला मिळते. म्हणजे अरबी समुद्र डोळ्यांदेखत असताना तिचं पाणी बंगालच्या उपसागराला जायचं. माणसानं ते उलटवलं. धरण बांधलं, डोंगराला बोगदे पाडले आणि पाणी पोफळीच्या बाजूला, पश्चिमेला सोडून दिलं. वीजघरंही डोंगराच्या पोटात कोरून काढली. या दगडानं ते पोटात घेतलं, कारण त्याचं पोट घट्ट आहे.

घट्ट आहे, पण निवांत नाही. ११ डिसेंबर १९६७ च्या पहाटे कोयनेची जमीन हादरली. ६.३ रिश्टरचा तो भूकंप कोयनानगर उद्ध्वस्त करून गेला, माणसं झोपेत गेली. ज्या मुलखाला सगळे अढळ समजत होते, तिथं हे घडलं. धरणात साठलेल्या पाण्याच्या भारानं आणि खोल फटींत शिरलेल्या ओलाव्यानं जमिनीतले जुने ताण मोकळे होतात, हे समजून घेण्यासाठी जगभरचे अभ्यासक तेव्हापासून कोयनेकडे बघतात. ५ रिश्टरच्या वरचे धक्के इथं वीसहून अधिक झाले आहेत. शेवटी शास्त्रज्ञांनी ठरवलं की वरून अंदाज करत बसण्यापेक्षा आत जाऊन बघावं. पाटण तालुक्यातल्या गोठणे इथं तीन किलोमीटर खोल भोक पाडलं. सुमारे सव्वा किलोमीटर नुसता बेसॉल्ट लागला, लोटावर लोट, आणि मग एकदम जुनाट ग्रॅनाइटी खडक. बेसॉल्टचा हा तळ समुद्रसपाटीच्याही खाली आहे.

हे वाचलं तेव्हा मी बराच वेळ गप्प होतो. बाबूकड्यावरून जे दिसतं ते सगळं नाही. कोकणात उतरलेल्या कड्याच्या पायथ्याशी आपली नजर थांबते. दगड थांबत नाही. त्याच्याही खाली तो दडलेला आहे, आणि त्याच्या तळाशी ती जुनी भूमी, जिच्यावर पहिला लोट आला तेव्हा उजेड पडत होता.

लाँच काठाला लागली की वनखात्याची चौकी. नावं लिहितात, पिशवीतल्या प्लॅस्टिकची मोजदाद करतात, त्यावर अनामत ठेवून घेतात. परतताना तेवढंच दाखवलं तर पैसे मिळतात. मुक्कामाला बंदी आहे. काही जण कुरकुर करतात. मला ही शिस्त हवीशी वाटते. १९८५ पासून हे कोयना अभयारण्य आहे, २०१० पासून चांदोलीसह सह्याद्री व्याघ्र प्रकल्प, आणि २०१२ मध्ये पश्चिम घाटाच्या ज्या जागा जागतिक वारशाच्या यादीत गेल्या त्यांत कोयना, चांदोली, राधानगरी आणि कासही आहेत. एवढी बिरुदं लागली तरी रान पिशव्यांमुळे मरू शकतं. चौकीवरचा तो मोजणारा माणूस बिरुदांपेक्षा मोलाचा आहे.

ओढा ओलांडला की झाडी अंगावर येते. दहा पावलांत ऊन संपतं. पायाखाली पाचोळ्याचा इतका जाड थर की आपलीच चाहूल आपल्याला लागत नाही. जांभूळ, हिरडा, आंबा, अंजनी, पिसा. मध्ये मध्ये उंडारलेली गारंबीची वेल, माणसाच्या मांडीएवढी जाड, या झाडावरून त्या झाडावर आणि पुन्हा खाली. तिच्या शेंगा हात-दीड हात लांब. आतली बी गुळगुळीत, तपकिरी, मुठीत मावणारी. गारंबी जिथं एवढी जाड होते तिथं कुऱ्हाड बरीच वर्षं फिरकलेली नाही, असं समजावं. वर शेंड्यात शेकरूनं काटक्यांचं घरटं बांधलेलं दिसतं, आणि नशीब असेल तर तो स्वतःही, तांबूस, झुपकेदार शेपटीचा, एका फांदीवरून दुसरीवर झेप घेताना. त्याला सलग छत लागतं. झाडांचे शेंडे एकमेकांना भिडलेले नसतील तर शेकरू तिथं राहत नाही. राज्यप्राणी म्हणून त्याचं चित्र सगळीकडे असतं, पण त्याची खरी गरज तेवढीच आहे, फांद्यांत खंड नको.

अंजनी बघायची तर फाल्गुन-चैत्रात. झाड तसं ठेंगणं, पानं जाड आणि चकचकीत, एरवी नजरेत न भरणारं. पण फुलांच्या दिवसांत खोडाला, फांद्यांना चिकटून निळ्या-जांभळ्या बारीक फुलांचे गुच्छ येतात; पानांत नाही, थेट सालीवर. हात लावला तर फुलं रेशमासारखी, साल खरखरीत. चार दिवसांत ती खाली झडतात आणि पाचोळ्यावर निळा सडा पडतो. इतक्या अंधाऱ्या रानात इतका निळा रंग कुणासाठी, असा प्रश्न पडतो. मधमाश्यांसाठी, हे उत्तर मला ठाऊक आहे. तरी प्रश्न राहतो.

जसं वर चढावं तसं रान ठेंगणं होत जातं. माती उथळ होते, वारा झाडांना दाबतो. झाडीतून बाहेर पडलं की कारवीचं रान लागतं, डोक्याइतकं, काठीसारखं सरळ. कारवी सात-आठ वर्षांनी एकदाच फुलते, एकाच वेळी अख्खा उतार जांभळा करते, बी टाकते आणि मरते. खालच्या गावांत तिच्याच काठ्या विणून, शेणामातीनं लिंपून घरांचे कूड करत. त्या घरांच्या भिंतींनी कारवीचं किती आयुष्य पाहिलं असेल!

आणि इथं मला ती घरं आठवतात. वासोट्याच्या पायथ्याचं हे रान अनादि आहे असं वाटतं, पण वाटेच्या कडेला नीट बघितलं तर दगडाची जोती दिसतात, शेताचे बांध दिसतात. बांधावर उगवलेलं झाड आता कवेत मावत नाही. मेट इंदवली हे गाव होतं. धरणाच्या पाण्यानं खोऱ्यातली गावं उठली, काही पुढे अभयारण्यामुळे उठली. माणसं रायगडला गेली, ठाण्याला गेली, सोलापूर-सांगलीच्या कोरड्या माळावर गेली. कुणाला जमीन मिळाली, कुणी पिढ्यानपिढ्या कागद घेऊन फिरत राहिलं. लाँच चालवणाऱ्या एका मामांशी बोलता बोलता मी विचारलं, "मामा, तुमचं गाव कुठलं?" त्यांनी हात लांबवून समोरचं पाणी दाखवलं. "ह्येच. उन्हाळ्यात पाणी खाली गेलं की आमचं बांध वर येत्यात. आज्यानं घातलेलं हायेत, अजून हाललं न्हाईत." त्यांच्या बोलण्यात तक्रारीपेक्षा बांधाचा अभिमान जास्त होता.

मला हे रान अतिशय प्रिय आहे. म्हणूनच त्याची किंमत ज्यांनी मोजली त्यांची नावं इथल्या एखाद्या फलकावर असावीत, असं वाटतं. प्राण्यांची चित्रं आहेत, झाडांची माहिती आहे. उठून गेलेल्या गावांची यादीही असायला हवी. जंगल परत आलं, हे खरं आणि आनंदाचं आहे. ते मोकळ्या झालेल्या अंगणांवर परत आलं, हेही तितकंच खरं आहे.

माथ्यावर किल्ला आहे. त्याची कथा मोठी आहे, ती सांगणारे पुष्कळ आहेत. मी दोनच गोष्टी सांगतो. शिवाजी महाराजांनी हा किल्ला घेतला आणि व्याघ्रगड हे त्याचं दुसरं नाव झालं. राजापूरच्या वखारीतल्या इंग्रजांपैकी काही जण इथं कैदेत होते, आणि १८१८ मध्ये किल्ला पडला तेव्हाही इथं दोन इंग्रज अधिकारी बंदिवान होते. कैद्यांसाठी हीच जागा का निवडत, ते चढून गेलं की कळतं. एका अंगाला कडा, बाकी अंगांना वाघाचं रान. तटबंदी नावापुरती असली तरी चाललं असतं. दुसरी गोष्ट ताई तेलिणीची. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी पेशव्यांच्या बापू गोखल्यांसारख्या सरदाराशी ती या डोंगराच्या भरवशावर महिनोन्‌महिने लढली. डोंगर ज्याला ओळखीचा, डोंगर त्याचा.

आज तिथं बिनछपराचं मारुतीचं देऊळ आहे, वाड्याचे अवशेष आहेत, चुन्याचा घाणा आहे, पाण्याचं टाकं आहे. टाकं आणि जोती याच काळ्या दगडाची. दगड डोंगरातून काढला, रचला, आणि आता एकेक चिरा निखळून पुन्हा डोंगरात मिसळतो आहे. चिऱ्यांच्या फटींत नेचे, मॉस, कुठे उंबराचं बोटभर रोप. लाव्ह्याच्या दोन लोटांच्या मधल्या त्या तांबड्या मातीत जे झालं असेल, तेच इथंही चाललं आहे.

पाण्याचं कोडं या दगडाच्या थरांतच सुटतं. एवढ्या उंचीवर उन्हाळ्यातही पाणी कसं टिकतं, असं सगळे विचारतात. चार महिने इथं अफाट पाऊस पडतो. बराचसा वाहून जातो, पण थोडा फटींतून, भोकाभोकांच्या थरातून खाली झिरपतो. तांबड्या पट्ट्याशी आला की अडतो, कारण ती माती चिकण आहे, पाणी सहजासहजी खाली सोडत नाही. मग ते आडवं सरकत सरकत कड्याच्या तोंडाशी येऊन झरतं. झरे असे एकेका पट्टीला धरून लागतात. पाचोळ्याचा जाड थर आणि झाडांची मुळं हेच पाणी धरून ठेवतात, त्याला खाली मुरायला अवधी देतात. वरचं रान गेलं तर पाऊस तेवढाच पडेल आणि झरे मात्र माघातच आटतील.

वासोट्याच्या समोर, त्याच कड्याच्या ओळीत नागेश्वराची गुहा आहे. महाशिवरात्रीला तिथं लोक जातात. देशावरचे पाण्यावरून येतात. कोकणातले चोरवण्याहून, कड्याच्या तळापासून माथ्यापर्यंत, सगळे थर पायाखाली घालत. त्या वाटेनं मला एकदा चढायचं आहे, खालच्या जुन्या दगडापासून वरच्या कोवळ्या दगडापर्यंत, दर तांबड्या पट्टीशी थांबत. शास्त्रज्ञांचे नकाशे जवळ घेईनच. पण त्याआधी चोरवण्यातल्या एखाद्या आजींना विचारायचं आहे, की आजी, या वाटेवर बारमाही पाणी कुठं कुठं लागतं. लहानपणापासून दर शिवरात्रीला ही वाट चढलेल्या बाईला त्या जागा एकेक करून सांगता येतील.